घड्याळजीचा हात

लग्न मी एकाशीच केलं, संसार मात्र कुणाकुणाशी करावा लागला ते विचारू नका. न्यायाधीश झाला, खिसेकापू झाला, आंधळा वादक झाला, मंत्री झाला. एकदा तर घरात लंगडा पोस्टमन राहायला होता आणि सिनेमा संपून गेला तरी त्याचा पाय आमच्या जिन्यावर वाजतच होता. हे सगळे म्हणजे आमचे हेच. यांचं नाव पोस्टरवर मोठ्या अक्षरात कधी आलं नाही, पण पडद्यावर चेहरा आला की लोक शेजारच्याला कोपरानं ढोसतात, "अरे, हा तोच!" तोच म्हणजे कोण, हे विचारलं की डोकं खाजवतात. यांना त्यातच आनंद. "नाव आठवलं नाही म्हणजे काम जमलं," म्हणतात. मी म्हणते, नाव आठवलं असतं तर काही आभाळ कोसळलं नसतं.

यांचे वडील शिंपी. दुकानात गुंड्या लावत लावत हे मोठे झाले. माप द्यायला उभा राहिला की प्रत्येक माणूस पोट आत ओढतो आणि छाती काढतो. सासरे यांना सांगायचे, "घाई करू नकोस. टेप धरून नुसता उभा राहा. तो श्वास सोडेल, तेव्हा खरं माप घे." यांचं सगळं शिक्षण एवढंच. भूमिका मिळाली की कोर्टात म्हणा, दवाखान्याबाहेर म्हणा, बसस्टँडवर म्हणा, कुठंतरी जाऊन बसतात आणि समोरचा श्वास सोडेपर्यंत बघत राहतात. मग तो माणूस घरी येतो. त्याच्या चालीनं हे दार उघडतात, त्याच्या आवाजात मीठ मागतात. तो घरात असेपर्यंत टोकायचं नाही, हा आमचा नियम. मी पाळते. जिभेवर ताबा ठेवणं माझ्या स्वभावात नाही, तरी पाळते.

पाहुणा गेला हे कळायचं सुईवरून. मला शिवणटिपणाची आवड, आणि जवळचं दिसायची बोंब. सुई ओवायचं काम पहिल्यापासून यांचं. पण मंत्री घरात असताना मंत्री थोडाच सुई ओवतोय? आंधळ्यानं चाचपून चाचपून सोडून दिली. खिसेकापूनं रीळच पळवलं. मग एखाद्या दिवशी न सांगता हे माझ्या हातातून सुई घेतात, दोऱ्याचं टोक दातात धरून ओलं करतात, एका फटक्यात ओवतात आणि विचारतात, "चहा आहे का गं?" की समजायचं, नवरा परत आला. अलीकडे लेकीनं मला नवा चष्मा करून दिलाय. त्यातून सुईचं नेढं मला लख्ख दिसतं. हे मी कुणाला सांगितलेलं नाही. सांगून चहा विचारणारा माणूस कशाला घालवू?

तर घड्याळजी. हात थरथरायला लागल्यामुळे ज्याचा धंदा बसतो असा म्हातारा घड्याळजी, अशी ती भूमिका होती. हे बाजारातल्या एका दुकानात जाऊन बसायला लागले आणि थोड्याच दिवसांत घरात उजवा हात थरथरायला लागला. टेबलावर टेकलेल्या हातानं कपबशी वाजायची. मांडीवरचा पेपर फडफडायचा. लेक माहेरी आली होती, ती बघतच राहिली. म्हणाली, "बाबा, कमाल आहे तुमची. खरा वाटतो." मीसुद्धा शेजारणीला मुद्दाम चहाला बोलावलं आणि डोळ्यांनी खुणावलं, बघ बघ. ती घरी जाऊन नवऱ्याला सांगत होती म्हणे, कलाकार म्हणजे कलाकार. आता ते आठवलं की स्वतःच्याच थोबाडीत मारावीशी वाटते.

शूटिंग संपलं. घड्याळजी जाईना. जाईल, पोस्टमनचा पायही राहिलाच होता, असं म्हणून मी गप्प. दुपारी हे झोपले की मी हळूच जाऊन हात बघून यायची. झोपेत हात अगदी शांत. मग मी मनाशी म्हणायची, जागेपणी हलतो आणि झोपेत थांबतो, म्हणजे भूमिकाच. रोग काय घड्याळ लावून झोपतो? स्वतःच्या हुशारीवर मी खूश होते. शेवटी एका संध्याकाळी यांनी सुई घेतली, दोरा ओला केला आणि एका फटक्यात ओवली. हात दगडासारखा स्थिर. माझा जीव भांड्यात पडला. "चहा आहे का गं?" म्हणाले. मी चहा टाकून आले तर हे खुर्चीत बसून बातम्या ऐकत होते आणि गुडघ्यावरचा हात हलत होता. अंगठा बोटावर असा घासत होता, जशी शिंपी दोऱ्याच्या टोकाला गाठ वळतात. यांचं लक्षही नव्हतं.

"गेला नाही वाटतं अजून," मी म्हणाले.

"कोण?" म्हणाले, आणि माझी नजर बघून हात खिशात घातला. "हां, तो. जाईल."

त्याच आठवड्यात ती दिग्दर्शक पोरगी आली. पोरगी म्हणते, पण दोन सिनेमांनी नाव झालंय तिचं. यांना काका म्हणते. तिनं यांच्यासाठी सिनेमा लिहिला होता. यांच्यासाठी म्हणजे कुणाचा बाप, कुणाचा सासरा, दारात उभा राहून "साहेब, फोन आलाय" म्हणणारा असा नव्हे. पहिल्या दृश्यापासून शेवटच्यापर्यंत हेच. बायकोचं ऑपरेशन चाललंय आणि बाहेर बाकावर नवरा बसलाय, एवढीच गोष्ट. मी म्हणाले, "बायको करणाऱ्या बाईंना आरामच आहे." ती हसली. मग यांच्याकडे वळून म्हणाली, "शेवटचा शॉट फार मोठा आहे, काका. संवाद नाही. डॉक्टर बाहेर येऊन गेलेत. तुम्ही नुसते बसलेले. हात मांडीवर, अगदी सोडून दिलेले. मला ते हात हवेत. हलायला नकोत."

हे म्हणाले, "नाही हलणार." उजवा हात उशीखाली होता.

ती गेल्यावर हे कितीतरी वेळ खोलीत येरझाऱ्या घालत होते. आयुष्यभर ज्याची वाट बघितली नाही असं दाखवलं, ते दारात येऊन उभं होतं. मला आनंद व्हायला हवा होता. मी मात्र यांच्या हाताकडेच बघत होते.

घड्याळजीचा सिनेमा लागला तेव्हा आम्ही दोघं थिएटरात मागच्या रांगेत जाऊन बसलो. पडद्यावर घड्याळजीनं भिंग डोळ्याला लावलं, चिमटा उचलला आणि चिमटा घड्याळापाशी नेताच हात थरथरायला लागला. चिमटा खाली ठेवला, हात थांबला. परत उचलला, परत थरथर. माझ्या पुढची बाई रडत होती. मला मात्र घाम फुटला. अहो, या घड्याळजीचा हात काम करताना हलत होता आणि काम नसताना शांत होता. माझ्या घरातला हात काम नसताना हलतो आणि सुई ओवताना थांबतो. हे पन्नास चुका करतील, भाजी आणायला पाठवलं तर पिशवी विसरून येतील, पण भूमिकेचा हात उलटा करणार नाहीत. मग मी नीट बघायला लागले. घड्याळजी जिथं जिथं नुसता बसला होता तिथं उजवा हात दिसतच नव्हता. टेबलाखाली, शालीत, दुसऱ्या हाताच्या मुठीत. यांनी सगळ्या सिनेमाभर हात लपवला होता, आणि तोही थरथरत्या माणसाच्या आत.

घरी आल्या आल्या मी दार लावलं आणि विचारलं, "कधीपासून?"

ताकास तूर लागू देईनात. चपला काढल्या, पाणी प्यायले. मग म्हणाले, "सिनेमाच्या आधीपासून."

"आणि घड्याळजी?"

"तो दुसऱ्याला द्यायचं ठरलं होतं. मी मागून घेतला."

या माणसानं जन्मात कधी भूमिका मागितली नव्हती. मिळेल ती करायची, याचा कोण अभिमान. "हलणारा हात ठेवायचा कुठं?" म्हणाले. "कुणी विचारलं असतं, हे काय? म्हणून त्या म्हाताऱ्याच्या नावावर टाकला. वाटलं, तेवढ्यात बरा होईल."

मला इतका राग आला, इतका राग आला, की मी यांना जवळही घेतलं नाही. स्वयंपाकघरात जाऊन भांडी आपटली. मला कळायला नको? या घरात मी काय प्रेक्षक आहे? नंतर रडले, ते वेगळं.

डॉक्टरांकडे ओढतच न्यावं लागलं. डॉक्टरांनी आधीच घड्याळजी बघितला होता. आम्ही आत शिरताच खुर्चीतून उठले. "वा, वा, काय काम केलंय तुम्ही." हे म्हणाले, "हात थरथरतो." डॉक्टर खदखदून हसले. "ते काय सांगता, अख्ख्या देशानं बघितलंय." नर्सला हाक मारली, कोण आलंय बघा म्हणाले. आणि आमचे हे? समोर दोन माणसं बघायला उभी राहिली की संपलं. टेबलावरचं पेन चिमट्यासारखं उचललं आणि घड्याळजीचा हात करून दाखवला. नर्सनं टाळ्या वाजवल्या. रोग दाखवायला आलेला माणूस तिथं खेळ करून दाखवत होता. माझं डोकं सटकलं.

"डॉक्टर," मी म्हणाले, "तो हात सोडा. तो तिकीट काढून बघायचा. तुम्ही यांच्याशी इकडच्या तिकडच्या गप्पा मारा आणि मांडीवर ठेवलेला बघा."

डॉक्टर माणूस चांगला. खुर्ची पुढं ओढून बसले, यांना पहिल्या सिनेमाबद्दल विचारलं. हे सांगायला लागले, रंगले, आणि मांडीवर अंगठा गाठ वळायला लागला. डॉक्टरांचं हसू हळूहळू उतरलं. मग चालायला लावलं. उजवा हात चालताना हलतच नव्हता, अंगाला चिकटलेला. जिथं हलायचा तिथं हलेना आणि नको तिथं थांबेना. डॉक्टरांनी रोगाचं नाव सांगितलं. मी ते घरात उच्चारत नाही. हा हात रिकामा असला की हलतो, कामाला लावला की थोडा वेळ थांबतो आणि झोपेत जातोच, म्हणाले. माझी हुशारी तिथंच संपली. गोळ्या आहेत, हळूहळू वाढतं, नीट राहिलात तर पुष्कळ वर्षं काम कराल, असं सगळं बोलले. आम्ही माना डोलावल्या.

रिक्षात बसल्यावर मी म्हणाले, "त्या पोरीला सांगा."

"अजिबात नाही. झाकली मूठ सव्वा लाखाची."

"अहो, मूठ झाकता येत नाही, हाच तर रोग आहे."

हे हळू आवाजात म्हणाले, "आपल्या त्या विनोदी नटाचं काय झालं? सेटवर एकदा चक्कर येऊन पडला. दुसऱ्या दिवसापासून लोक त्याला तब्येत विचारायला लागले आणि काम विचारायचे थांबले. मला असं घरी बसवू नकोस गं." हा आवाज कुठल्याच भूमिकेतला नव्हता. मी त्या पोरीला काही कळवलं नाही. बरोबर केलं की चूक, याचा घोळ रोज डोक्यात चालायचा. फोन वाजला की वाटायचं, कळलं. नाही वाजला की वाटायचं, कळलंच.

शूटिंगला मी कधी जात नाही. त्या सिनेमाला मात्र रोज गेले, शिवणाची पिशवी घेऊन एका कोपऱ्यात बसायची. यांनी बाकीचे दिवस बेमालूम काढले. हातात कधी पाण्याची बाटली घेतली, कधी बायकोची चप्पल घेतली, कधी शर्टाची गुंडी चाळवत बसले. पोरगी खूश. "काका हाताला कसलं कसलं काम शोधतात," म्हणायची. ती असं म्हणाली की मी शिवणात मान खुपसायची.

मग शेवटचा शॉट आला. दवाखान्याचा लांबच लांब कॉरिडॉर, हिरवट दिवे, बाक. हे बसले आणि उजवा हात मांडीखाली घातला.

"काका, हात वर."

"असाच बरा वाटतो."

"नाही ना, काका. दोन्ही मांडीवर. सोडून दिलेले."

यांनी हाताची घडी घातली. कॅमेरामन पोरीकडे बघायला लागला. यांच्या कपाळावर घाम दिसला तशी मेकअपवाली पुढं आली, तिला यांनी खुणेनं मागं पाठवलं. दोन मिनिटं द्या म्हणाले आणि सरळ माझ्याकडे आले.

"सुई दे."

मी दिली. यांनी दोरा दातात धरला, ओवला. "दुसरी." दुसरी ओवली. हात शांत. "थोडा वेळ राहतो असा," पुटपुटले, आणि भरलेलं भांडं न्यावं तसा तो हात सांभाळत बाकावर जाऊन बसले. दोन्ही हात मांडीवर ठेवले. कॅमेरा सुरू झाला.

हात पडून राहिले. अगदी तिला हवे होते तसे. मी श्वास धरून बसले. मनात म्हणत होते, एवढी एक वेळ, एवढी एकच वेळ. यांच्या चेहऱ्यावर काही नव्हतं. आणि मग अंगठा हलला. थोडासाच. परत हलला. मग गाठ वळायला लागला. यांनी खाली बघितलं. हात मांडीखाली घालतील, उठतील, खोकतील, मला वाटलं काहीतरी करतील. यांनी काहीच केलं नाही. खांदे खाली आले. यांनी श्वास सोडला.

बऱ्याच वेळानं पोरगी "कट" म्हणाली. बाकापाशी गेली, खाली वाकून अगदी हळू म्हणाली, पण त्या शांततेत सगळ्यांना ऐकू गेलं.

"काका, घड्याळजीचा हात आला. तो लोकांनी बघितलाय. तो परत नको."

यांची मान झटक्यात वर झाली. मी यांना ओळखते. म्हातारे म्हणा, कंजूस म्हणा, आजारी म्हणा, ऐकून घेतील. पण जुनीच भूमिका परत विकली असं म्हणालात तर संपलं.

"कुठला घड्याळजी?" हे म्हणाले. आवाज चढला होता. "नीट बघ. घड्याळजीचा काम करताना हलायचा. हा रिकामा असताना हलतो. एवढा फरक दिसत नाही तुला?"

ती गोंधळली. "मग हा कुणाचा उचललात?"

"उचललेला नाही," म्हणाले. "हा माझा आहे."

यांनी हात तसाच मांडीवर ठेवला होता. ती बघत राहिली, मग तिनं माझ्याकडे बघितलं आणि मी मान हलवली. ती पोरगी बाकावर यांच्या शेजारी बसली. सिनेमा हातचा गेला असं धरून मी मनात सगळं आवरून घेतलं होतं. घरी काय बोलायचं, लेकीला काय सांगायचं. शेवटी ती उठली. डोळे पुसले, आणि कॅमेरामनला म्हणाली, "जरा जवळून घेऊ. आणि काका, आता लपवू नका."

तो सिनेमा अजून लागायचा आहे. बातमी मात्र लागली. लपून राहते का कधी? तब्येत विचारणारे फोन येतात. काम विचारणारा एखादाच येतो. तो वाजला की हे डाव्या हातानं उचलतात आणि मी दारात उभी राहून यांच्या पाठीकडे बघते. काय ऐकायला मिळेल याची धास्ती काही जात नाही. ती आता इथंच राहायला आली आहे.

एक युक्ती मी काढलीय. दुपारी हे झोपले की मी टोचणीच्या उशीवरच्या सगळ्या सुयांमधले दोरे काढून टाकते. चहाच्या आधी उसवलेलं काहीतरी घेऊन यांच्या शेजारी बसते आणि म्हणते, "अहो, जरा ओवून द्या. दिसत नाही मेलं." एक झाली की दुसरी देते. तेवढा वेळ हात शांत असतो.

काल सुई डोळ्यांजवळ आणून, डोळे बारीक करून मी नेढं शोधत होते. हे बराच वेळ माझ्याकडे बघत होते.

"अगं, चुकतंय तुझं," म्हणाले. "ज्याला जवळचं दिसत नाही तो सुई लांब धरतो. हात लांब कर. आणखी. मान मागं घे."

मी हात लांब केला. मान मागं घेतली.

"हां," म्हणाले, "आता खरं वाटतं." आणि माझ्या हातातून सुई घेतली.